पान एकशे बारावरचा तक्ता

नंदाआत्या, तू गेल्यावर आठव्या दिवशी कुरियरवाला आला. "नंदा गावकर आहेत का? सही लागेल." आपल्याच इमारतीतल्या तुझ्या घरात तेव्हा बाबा आणि मी तुझी कपाटं आवरत होतो. बाबांनी काही न सांगता सही केली आणि जाड पाकीट आत आणलं. तुझ्या आरोग्य विमा कंपनीचा यंदाचा वार्षिक अहवाल. आता तो सगळ्यांना ईमेलवर येतो. कागदी प्रत हवी असेल तर मुद्दाम कळवावं लागतं. तू कळवलं होतंस. नोकरीत मिळालेले थोडे शेअर्स तुझ्या नावावर होते, तेव्हा तो तुझा हक्कच होता.

मुखपृष्ठावर एक आजोबा नातीला खांद्यावर घेऊन हसतायत. मी उभ्याउभ्याच थेट पान एकशे बारा काढलं. तिथे एका नव्या शाखेचं उद्घाटन आहे, समई आणि सूटबूट. तक्ता नाही. नसणार हे माहीत होतं, तरी काढून पाहिलं.

मग बसून सगळा वाचला. वर्ष चांगलं गेलंय म्हणे. हप्त्यांचं उत्पन्न वाढलं, दाव्यांवरच्या खर्चात 'शिस्त' आली, पुढच्या काळात छोट्या शहरांत जाणार आणि तरुण ग्राहकांवर भर देणार. अहवाल कसा वाचायचा ते तूच शिकवलंस. "भर देणार असं लिहिलेलं असलं ना मुक्ते, की हात कुणावरून काढणार ते शोधायचं." शोधलं. तीन पानांनंतर सापडलं, बारीक अक्षरात. ज्येष्ठ नागरिकांच्या जुन्या पॉलिसींचा 'फेरविचार' होणार आहे. मुखपृष्ठावरच्या आजोबांना अजून कुणी सांगितलेलं नसावं.

हे वाक्य मी तुला ऐकवलं असतं तर तू हसली असतीस. मग म्हणाली असतीस, "पान संपलं काय? मग बोल."

आपल्या घरात एकट्याने वाचलेलं वाचलेलं धरत नाहीत. आजोबा गिरणीत होते तेव्हा त्यांच्या युनियनच्या एका पत्रकात मोर्चाची तारीख चुकली, आणि निम्मी माणसं मोर्चा होऊन गेल्यावर दुसऱ्या दिवशी झेंडे घेऊन हजर झाली. तेव्हापासूनचा नियम. छापायला देण्याआधी दोघांनी समोरासमोर बसायचं. एकाने मूळ मजकूर मोठ्याने वाचायचा, स्वल्पविराम-पूर्णविरामांसकट. दुसऱ्याने प्रूफ धरायचं आणि प्रत्येक शब्दावर पेन टेकवत जायचं. पान संपेपर्यंत कुणी मत द्यायचं नाही. पटलं नाही तरी नाही, हसू आलं तरी नाही.

मी वाचायला शिकले ती अशी. बाबा बँकेतून आले की पत्रकं लिहायचे. चाळीचं पाणी, शाळेची फी, पालिकेच्या दवाखान्याची वेळ. मी वाचायचे आणि तू प्रूफ धरायचीस. सात वर्षांची असताना मी ओरडून वाचत होते, "आम्ही तीव्र निषेध, स्वल्प, करतो." तू पान संपेपर्यंत थांबलीस आणि मग म्हणालीस, "मध्येच थांबलंस ती? निषेध करताना दम लागलो काय गो?" बाबा इतके हसले की त्यांना चष्मा काढून पुसावा लागला.

तू अंधेरीच्या त्या काचेच्या इमारतीत नोकरीला लागलीस तेव्हा बाबा म्हणाले होते, "चला, आमच्या घरातलं एक तरी माणूस गुळगुळीत कागदावर छापून येणार." तू रागावली नाहीस. तुला खरंच त्या कागदाचं कौतुक होतं. दरवर्षी अहवालाचं प्रूफ तयार झालं की तू ते पिशवीत घालून मुलुंडला घरी आणायचीस. तशी परवानगी नव्हती. पण ऑफिसात तुझ्यासमोर बसून स्वल्पविराम वाचायला कोण तयार होणार? आणि एकटीने वाचून सही करणं तुला जमत नव्हतं. बाबांचे डोळे अधू झाल्यावर मूळ मजकूर वाचायचं काम माझ्याकडे आलं. रविवारी सकाळी तुझ्याकडे आंबोळ्या आणि काळ्या वाटाण्याचं सांबारं, मग हात धुऊन साबणाचा वास येतोय ते दाखवायचं, मग वाचन. इंग्रजी मजकूर आणि मराठी विरामचिन्हं. "क्लेम्स एक्सपीरियन्स, स्वल्प, रिमेन्ड फेवरेबल, पूर्ण." पान संपलं की भांडण.

"फेवरेबल कुणाला आत्या?"

"गुंतवणूकदाराला. अहवाल त्याच्यासाठीच असतो. तुझं पत्रक रुग्णासाठी, माझं हे त्याच्यासाठी."

"म्हणजे लोकांना पैसे कमी दिले, आणि ते चांगलं."

"खोटे क्लेम पण असतात गो. एकाच माणसाचा एकच पाय, एकाच डॉक्टरकडे, दोनदा मोडलेलो बघलंय मी."

"आणि पालवकाकूंच्या घरी कुणाचा पाय मोडला होता?"

इथे तू पुढचं पान काढायचीस. आमच्या मजल्यावरच्या पालवकाकू. काकांचं ऑपरेशन झालं आणि तुझ्याच कंपनीने दावा फेटाळला, कारण पॉलिसी घेताना रक्तदाबाची चौकट कोरी राहिली होती. ती एजंटने कोरी ठेवली होती. काकू प्लास्टिकच्या पिशवीत फाईल घालून तुझ्याकडे आल्या. तू ती शेवटच्या कागदापर्यंत वाचलीस आणि म्हणालीस, "सही काकांचीच आहे." काकू चहा न घेता उठल्या. त्यावरून मी तुला किती वर्षं बोलले. 'शिस्त' हा शब्द अहवालात पहिल्यांदा तू घातलास हे कळल्यावर तर जास्तच. त्या शब्दाबद्दल मी तुला अजून माफ केलेलं नाही. तू गेलीस म्हणून करणारही नाही. खोटं वागलेलं तुला आवडलं नसतं.

पण आत्या, आता मला तुला दुसरं काही सांगायचं आहे.

दोन वर्षांपूर्वीच्या त्या रविवारी मी पान एकशे बारा वाचत होते आणि मध्येच थांबले. फेटाळलेल्या दाव्यांचा तक्ता होता. कोणत्या कारणाने किती फेटाळले, ओळीने. आणि शेवटच्या रकान्यात, त्यांपैकी किती दावे तक्रार केल्यावर मंजूर करावे लागले. म्हणजे कंपनी पहिल्यांदा किती वेळा चुकली, ते कंपनीच्याच अहवालात. असा रकाना मी आधी कुठल्याच विमा कंपनीच्या अहवालात पाहिला नव्हता.

"हे छापणार?" मी विचारलं.

"पान संपू दे."

मी संपवलं. तू पेनाचं टोपण लावलंस आणि एवढंच म्हणालीस, "चार वर्षं लागली." कशाला चार वर्षं, कुणाकुणाच्या केबिनबाहेर थांबलीस, काहीच मी विचारलं नाही. त्या चार वर्षांच्या थोडंच आधी पालवकाकू फाईल घेऊन आल्या होत्या, हा हिशेब मला आत्ता सुचतोय. तेव्हा सुचला नाही. तेव्हा डोक्यात पत्रक तयार होत होतं. तू आत चहा ठेवायला गेलीस आणि मी मोबाईलवर त्या पानाचा फोटो काढला.

'कंपनी स्वतःच कबूल करते' असा मथळा दिला. मुलुंड आणि घाटकोपरच्या इस्पितळांबाहेर वाटलं, तुझ्या ऑफिसच्या फाटकावर वाटलं, व्हॉट्सॲपवर टाकलं. माझ्या आयुष्यातलं ते पहिलं पत्रक जे मी एकटीने लिहिलं आणि एकटीने वाचलं. समोर प्रूफ धरायला कुणी नव्हतं, कारण बाबांना आता भिंग लावूनही एकेक शब्द कसाबसा दिसायचा आणि दुसरं माणूस तू होतीस. कुणी समोर असतं तर मथळ्यावर पेन टेकवून नक्की विचारलं असतं, कबूल केलंय कुठे? अजून कच्चं प्रूफ आहे ना? संचालक मंडळापुढेसुद्धा गेलेलं नाही ना?

अर्ध्या दिवसात कंपनीला कळलं. ते प्रूफ मोजक्याच माणसांकडे होतं. शेअर बाजारात असलेल्या कंपनीचा मसुदा असा बाहेर जाणं किती मोठा गुन्हा असतो, ते मला तेव्हा माहीत नव्हतं. माहीत असतं तर जास्तच चेव आला असता. त्यांनी विचारलं, तू म्हणालीस, हो, मी घरी नेलं होतं. माझं नाव घेतलं नाहीस. तुला सांताक्रूझच्या कार्यालयात जुनी कागदपत्रं लावायला पाठवलं. तक्ता काढून टाकला. छापील अहवालात पान एकशे बारावर झाडं लावण्याचा कार्यक्रम आला.

आणि मी दुसरं पत्रक काढलं. 'तक्ता गायब.' त्यात पालवकाकांची हकिकतही घातली.

ते हातात घेऊन तू आमच्या स्वयंपाकघरात आलीस. बाबा जेवत होते.

"तक्ता गायब झाला नाही मुक्ते. तू घालवलास."

"खरं होतं म्हणून घाबरले. छापणारच होते तर काढला कशाला?"

"छापणारच होते. सोमवारी मंडळापुढे जाणार होता. एकदा छापला की पुढच्या वर्षी काढता येत नाही सहज. लोक विचारतात, गेल्या वर्षी होता, यंदा का नाही? दुसऱ्या कंपन्यांना विचारतात, तुमचा कुठाय? तुझं पत्रक संध्याकाळी भेळेला लागलं. स्टेशनबाहेर मी स्वतः त्यात भेळ खाल्ली."

"तू नोकरीसाठी बोलतेयस."

"हो, बोलतंय. नोकरी माझी होती. तक्तो पण माझोच होतो."

चिडलीस किंवा चेष्टेत आलीस की तू मालवणीवर जायचीस. बाबा पानावरून उठले नाहीत. तू दोन्ही पत्रकं ओट्यावर ठेवून निघून गेलीस. मी बाबांना म्हटलं, "बघितलंत? भेळ खाल्ली म्हणे." बाबा म्हणाले, "दुसऱ्या पत्रकात काकांचं नाव चुकलंय. पालवांचं. नंदा जाताना सांगणार होती बहुतेक."

त्यानंतर दोन वर्षं आपण बोललो ते लग्नकार्यात आणि जिन्यात. मी सगळीकडे सांगत फिरले की माझी आत्या व्यवस्थेची माणूस आहे. हे म्हणताना मला बरं वाटायचं. बाजू ठरलेली असली की लिहिणं सोपं जातं. यंदा एप्रिलमध्ये तू निवृत्त झालीस, पेढे घेऊन आलीस, आणि मी खोलीतून बाहेर आले नाही. तू आईला म्हणालीस, "असू दे, तिच्या रागाची मुदत संपायचीय अजून." मला ऐकू आलं होतं.

मग तो मेसेज. "रविवारी ये. एकच पान आहे. वाचायला कोणी नाही."

मी लिहिलं, "तुमच्या कंपनीचं मी वाचत नाही."

निवृत्त माणसाची कुठली कंपनी, एवढाही विचार केला नाही. 'तुमच्या' हा शब्द मात्र विचार करून घातला होता. तू उत्तरात नुसता अंगठा पाठवलास.

त्या रविवारनंतरच्या गुरुवारी तू भाजी घेताना कोसळलीस. मेंदूत रक्तस्राव. इस्पितळात पोहोचले तेव्हा बाबा तुझ्यापाशी होते आणि मला विमा कक्षाच्या खिडकीवर उभं केलं. तुझं कार्ड दिलं, फॉर्म भरला. रक्तदाबाची चौकट होती, ती मी दोनदा तपासून भरली. उत्तराची वाट पाहत उभी होते आणि माझ्या मनात एक पत्रक आकार घेत होतं. बावीस वर्षं ज्या कंपनीत राबली तिनेच तिचा दावा नाकारला. मथळासुद्धा तयार होता. तासाभरात मंजुरी आली, एकही प्रश्न न विचारता. आणि आत्या, एक क्षणभर मला वाईट वाटलं. मंजुरी आली म्हणून वाईट वाटलं. तू आत नळ्यांमध्ये होतीस आणि बाहेर मी तुझ्यावरचा अन्याय हुकला म्हणून खट्टू झाले. हे मी कुणाला सांगितलेलं नाही. तुला सांगायला हवं होतं, तू ओरडली असतीस आणि मग आपलं भांडण मिटलं असतं. तू शनिवारी गेलीस.

कुरियर आलं त्या दुपारी बाबा म्हणाले, "तिच्या टेबलावरचं पॅड बघितलंस?"

क्लिपच्या पॅडवर एकाच पानाच्या दोन प्रती होत्या, शेजारी लाल पेन. एका प्रतीवर कोपऱ्यात पेन्सिलीने 'मु.' लिहिलेलं होतं. ती माझी, मूळ प्रत, वाचायची. दुसरी तू धरणार होतीस.

भागधारकांच्या वार्षिक सभेत विचारायचा प्रश्न होता. तू वक्ता म्हणून नावही नोंदवलं होतंस. "अध्यक्षमहोदय, मी या कंपनीत बावीस वर्षं काम केलं. दोन वर्षांपूर्वीच्या अहवालाच्या मसुद्यात पान एकशे बारावर फेटाळलेल्या दाव्यांचा तक्ता होता. तो मी तयार केला होता. मसुदा बाहेर गेला ही चूक माझी होती आणि तिची शिक्षा मला झाली, ती योग्यच होती. पण चूक तक्त्याची नव्हती. तो परत कधी छापणार?" पुढे आणखी तीन परिच्छेद. गुंतवणूकदाराला पटेल अशा भाषेत, की ज्या कंपनीला स्वतःच्या चुका मोजता येत नाहीत तिच्या नफ्यावर विश्वास कसा ठेवायचा. एकही विशेषण नाही. माझं नाव कुठेच नाही.

निवृत्त होईपर्यंत का थांबलीस, हे मला विचारायचं होतं. दोन वर्षं त्या जुन्या कागदांत बसून तू हे पान मनात लिहीत होतीस का? की पेन्शनची कागदपत्रं हातात पडण्याची वाट पाहत होतीस? मला दोन्ही खरं वाटतं. पहिलं खरं मानलं की रडू येतं आणि दुसरं खरं मानलं की राग. त्या रविवारी आले असते तर विचारता आलं असतं, पान संपल्यावर.

काल ती सभा झाली. ऑनलाइन असते आता. तुझ्या लॅपटॉपवर तुझ्या ईमेलमधल्या दुव्यावरून बाबा आणि मी बसलो. अध्यक्षांनी वर्ष कसं चांगलं गेलं ते सांगितलं, मग एकेक भागधारक. कुणी अध्यक्षांना दीर्घायुष्य चिंतिलं, कुणी कविता म्हटली. मग सूत्रसंचालक म्हणाला, "स्पीकर नंबर नाइन, नंदा गावकरजी. मॅडम, आप अनम्यूट कीजिए."

माइकचं चिन्ह माझ्या बोटाखाली होतं. पान समोर होतं. तिथे कुणालाच तुझा आवाज माहीत नव्हता, मी तू होऊन वाचलं असतं तर कळलंही नसतं. त्याने दुसऱ्यांदा नाव घेतलं. पण एकदा मी तुझे शब्द तुला न विचारता उचलले होते.

मी माइक सुरू केला. "त्या वारल्या. मी त्यांची भाची. त्यांचा प्रश्न एका पानाचा आहे, लिहून ठेवलाय. वाचू का?"

मग तो म्हणाला, "ओह. बहुत दुख हुआ मॅडम. लेकिन रूल के हिसाब से सिर्फ रजिस्टर्ड शेअरहोल्डर बोल सकते हैं। आप ईमेल कर दीजिए, कंपनी जरूर जवाब देगी।" अध्यक्षांनी हात जोडले. माइक त्यांनीच बंद केला. दहाव्या भागधारकाने तुला श्रद्धांजली वाहिली आणि पूर्वी सभेला मिठाईचा बॉक्स मिळायचा, तो ऑनलाइन झाल्यापासून बंद का झाला, असं विचारलं. त्याला उत्तर मिळालं.

मी ओरडणार होते. पत्रक तर मनात लिहायला घेतलंच होतं. बाबांनी लॅपटॉपचा आवाज बंद केला, खिशातून भिंग काढलं आणि पॅडवरून तुझी प्रत घेतली, धरायची. लाल पेन उघडलं.

"वाच," ते म्हणाले. "पाठवायचं असेल तर आधी वाचायला हवं."

मग मी वाचलं. "अध्यक्षमहोदय, स्वल्प, मी या कंपनीत बावीस वर्षं काम केलं, पूर्ण." बाबा भिंग सरकवत प्रत्येक शब्दावर पेन टेकवत होते, त्यामुळे फार हळू वाचावं लागलं. समोर पडद्यावर माणसं आवाजाशिवाय हसत होती, हात जोडत होती. 'चूक माझी होती' या ओळीवर मी अडखळले. बाबांनी पेन तिथेच धरून ठेवलं, मान वर केली नाही. मी परत ओळीच्या सुरुवातीपासून वाचलं. नवा परिच्छेद. नवा परिच्छेद. शेवटी तुझं नाव, आणि खाली भागधारक.

"चूक नाही एकपण," बाबा म्हणाले. मग नियमाप्रमाणे त्यांनी विचारलं, "पान संपलं. तुला काही म्हणायचंय?"

मी म्हटलं, "ते 'कबूल करते'चं पत्रक वाटण्याआधी मी असंच तिच्यासमोर बसून वाचायला हवं होतं."

बाबांनी पेनाचं टोपण लावलं.